व्हीसीआर घेऊन शिरूर कासारला

ऊसतोडीला निघालेल्या ट्रकांचं जुनं चित्रण मिळेल का, असं एका माहितीपटवाल्या दिग्दर्शकानं विचारलं. जुन्या फिल्म, कॅसेटी शोधायच्या, वाचवायच्या आणि नव्या कामांना पुरवायच्या, हाच माझा धंदा. शिरूर कासारच्या एका लग्नाच्या व्हिडिओवाल्याकडे असं काही असल्याचं कळलं, तेव्हा म्हटलं, नीघ बाई, बुरशीनं खाऊन टाकायच्या आत.

पुण्याहून एसटीनं नगर, पुढं कडा, आष्टी. मांडीवर जुना व्हीसीआर. खोकं खाली ठेवा म्हणून कंडक्टर मागं लागला होता, पण मी ऐकते कुठली! आष्टीत बाजरीची भाकरी, पिठलं आणि ठेचा जरूर खा. पुण्यातल्या एका कॉफीच्या पैशात दोघं जेवतात; ठेचा मात्र नाकातून पाणी काढतो. पुढची जीप भरल्याशिवाय हलत नाही, तेव्हा सकाळीच गाठा.

रफिकभाईंचं मोबाइल दुरुस्तीचं दुकान. लग्नाचे व्हिडिओ काढायचे ते त्यांचे अब्बा. टोळ्या निघायच्या दिवशी अब्बा ट्रकमध्ये चढणाऱ्यांचं शूटिंग करायचे आणि मागं राहिलेल्या पोरांना ते दुकानातल्या टीव्हीवर फुकट दाखवायचे. रफिकभाईंनी अंगणवाडीतल्या सुनीताताईंनाही बोलावून घेतलं होतं. त्या लहान असताना त्यांची माय अशाच एका ट्रकमधून गेली ती उसाच्या फडावरच वारली. घरात फोटो एकही नाही.

"आधी ह्यांना मायचं तोंड दिसू द्या, मग तुमचा पिक्चर," रफिकभाई म्हणाले. मला मान्य होतं.

बुरशी पुसून कॅसेट लावली. गाठोडी, शेळ्या, चढणारी माणसं, सगळं आलं. मायच्या जागी मात्र नुसत्या पांढऱ्या पट्ट्या. चित्र एकाच जागी थांबवून ठेवलं की फीत तिथंच घासून जाते. सुनीताताई हळूच म्हणाल्या, "मायवर मीच थांबवायला लावायची. अब्बा न्हाई म्हणायचे न्हाईत."

मला भयंकर वाईट वाटलं, पण सोडते काय! पुन्हा पुसलं, पुन्हा लावलं. चेहरा येईना. मग लक्षात आलं, टीव्हीचा आवाज बंद. रफिकभाई म्हणाले, अब्बांच्या वेळेपासूनची सवय हाय, आवाज ऐकला की पोरं रडायची. आवाजाची पट्टी फितीच्या कडेला वेगळी असते, चित्र थांबवून ती झिजत नाही. मी आवाज वाढवला.

"सुनी, भावाला मारू नगं गं. शेळीला पाणी दावत जा."

सुनीताताईंनी पदर तोंडाशी धरला. "माय अशी बोलायची व्हय. मी इसरलेच व्हते."

कॅसेट त्यांच्याकडेच ठेवून नक्कल पुण्याला आणली. दिग्दर्शक म्हणतो, पांढऱ्या पट्ट्यांचा तुकडा काप, बाकीवर संगीत टाकू. मायचं बोलणं कापायचं नाही, ही सुनीताताईंची एकच अट आहे, आणि आता ती माझीही आहे. मान्य नसेल तर ट्रक दुसरीकडे शोध, असं मी त्याला सरळ सांगितलं. आठवडा झाला, त्याचा फोन नाही.

सुनीताताईंचा आला. भावाला आवाज ऐकवला म्हणाल्या. तो म्हणाला, "बघ, मायला ठावं व्हतं तू मला मारायचीस ते."