डोंगर चार फुटांनी वाढला

डोंगर चार फुटांनी वाढला होता. वाईच्या कॅम्पात मी आकडेमोड तीनदा तपासली, उत्तर तेच. साहेब म्हणाले, "डोंगर वाढत नसतो. तुमचं रीडिंग चुकलंय. वर जाऊन बघून या."

लढाईचे दिवस होते. मी सर्व्हेत नवा आणि अंगात मस्ती. आमची पद्धत साधी. शिखरावर खूण कोरायची, तिच्यावर दगडांची रास रचायची. समोरच्या डोंगरावरून दुर्बिणीने राशीच्या टोकाचा कोन घ्यायचा आणि राशीची नोंदलेली उंची उत्तरातून वजा करायची.

वर पोचलो तर रास माझ्या डोक्याच्याही वर गेलेली! गुराख्यांचा चाळा असणार, असं ठरवून मी खलाशांना, म्हणजे सोबतच्या सर्व्हेच्या गड्यांना, सांगितलं, "जादा दगड द्या ढकलून." दगड धडाधड दरीत गेले. त्यात जात्याची तळी होती, एक पाटा होता. घरातला पाटा एवढ्या उंचावर कोण आणेल, हा प्रश्न मला पडलाच नाही.

तेवढ्यात खालच्या गावातला एक म्हातारा धापा टाकत आला. "आवं सायेब, ह्ये काय केलंसा!"

"सरकारी रास आहे, बाबा."

"रास आसंल सरकारची. वरली दगडं आमच्या पोरांची हाईत. पोरगं लढाईवर निघालं की घरचा दगड हितं ठिवून जातंय. परत आलं की त्येनंच उचलायचा. तवर कुनी हात लावायचा न्हाई."

गावची किती पोरं मी दरीत लोटली होती?

"तुमचा कोणता?"

"पाटा. आमच्या म्हादूचा."

दोन दिवस मी आणि खलाशी दरीतून दगड वर वाहत होतो. पाटा सापडला, पण दोन तुकडे होऊन. म्हाताऱ्याने ते एकमेकांना जुळवून राशीवर ठेवले. "सा म्हैनं झालं, पत्र न्हाई," एवढंच बोलला. मला त्याच्याकडे बघवेना.

मग मी टेप काढला आणि राशीची नवी उंची मोजली. पाच मिनिटं लागली. एवढंच आधी केलं असतं, तर एकही दगड हलवावा लागला नसता. साहेबांनी आकडा दुरुस्त केला आणि विषय संपला.

लढाई संपल्यावर पुन्हा त्या शिखरावर गेलो. रास बरीच खाली आली होती, पण पाट्याचे दोन्ही तुकडे तिथेच होते. मी टेप लावला, उंची लिहून घेतली आणि कशालाही हात न लावता उतरलो.