आमच्या साडूंची बेटं

जगाच्या पाठीवर एखादं बेट अजून शाबूत असेल, तर ते केवळ आमच्या साडूंना त्याचा पत्ता लागलेला नाही म्हणून. अंबरनाथच्या कारखान्यातून ऑफिसर म्हणून निवृत्त झाल्यापासून या गृहस्थांनी बेटांवरची 'अस्सल संस्कृती' पाहण्याचा असा सपाटा लावलाय, की ती बिचारी पळता पळता समुद्रात पडायची तेवढी बाकी आहे. त्यांना राहायला माडाच्या झापांची झोपडी लागते, पण आत एसी लागतो. मासळी कोळणीच्याच हातची हवी, पण सोबत आपलं वरणभात. मागच्या वर्षी दक्षिणेकडच्या एका बेटावर त्यांनी आम्हा नवराबायकोलाही नेलं. तिथल्या घरमालकाची स्कूटर फोटोत येते म्हणून त्यांनी ती माडामागे लपवायला लावली आणि त्याच्या बायकोला मॅक्सी बदलून 'तुमचं ते पारंपरिक' नेसून यायला सांगितलं. वर मलाच म्हणाले, "हे लोक बिघडत चाललेत हो!" स्वतःच्या अंगात फुलाफुलांची अर्धी चड्डी!

मग त्यांना कळलं, की तिथे एक नाच असतो. घरमालक अजिजीनं म्हणाला, "साहब, वो साल में एक बार. नई नाव पानी में उतरती है, तब."

"तो उतार दो ना एक नाव! कल हमारी फ्लाइट है."

आणि उतरवली बेटावरच्या लोकांनी. पुरुष भर उन्हात कसेबसे नाचले. साडू मोबाइल धरून "स्माइल, स्माइल" ओरडत होते. घरमालकाची म्हातारी आई मात्र दारात पाठ फिरवून बसली होती. साडूंनी तिकडे पाहिलंही नाही. व्हिडिओ सोसायटीच्या ग्रुपवर टाकायचा होता ना!

यंदा गौरीला ते आम्हाला चामटोलीला, त्यांच्या थोरल्या बहिणीकडे घेऊन गेले. साडूंनी विकलेल्या शेजारच्याच शेतात आता कुणाचं तरी वीकेंडचं फार्महाऊस आहे. अंगणात बायकांनी फेर धरला, पण पलीकडच्या स्पीकरपुढे गाणं ऐकूच येईना. साडू तरातरा कुंपणाशी गेले.

"अहो, जरा हळू लावा. आमच्या गौरी आल्यात."

पलीकडची तरुण मंडळी उलट खूश झाली. मोबाइल निघाले. "अंकल, किती ऑथेंटिक! आंटींना सांगा ना, इकडे लाइटमध्ये येऊन परत एकदा करा."

बायकांनी पदर सावरले. फेर मोडला. एकेक करून सगळ्या आत गेल्या.

मला वाटलं, आता भाषण होणार. पण साडू वळून घरात गेले आणि गौरीसमोर बहिणीशेजारी बसले.

"अक्का, गाणं तरी म्हण."

"तू पण म्हण. यायचं की रं तुला. आयच्या मांडीवर बसून म्हणायचास."

"आता नाही आठवत."

अक्कानं हळू आवाजात सुरुवात केली. बाहेर स्पीकर चालूच होता. आमचे साडू तिच्या तोंडाकडे बघत, सापडेल तो शब्द धरून, मागून गुणगुणत राहिले.