पाठमोरा दिग्दर्शक

तो गेल्याचा फोन आला तेव्हा मी दहावीच्या सराव परीक्षेचे पेपर तपासत होतो. फोन ठेवल्यावर पुढचे चार पेपरही तपासले. असं का केलं, ते मला अजून नीट सांगता येत नाही.

आमचं बुलढाण्याचं हौशी नाटकमंडळ. शाळा सुटल्यावर आमच्याच शाळेच्या हॉलमध्ये तालीम व्हायची. तो आमचा दिग्दर्शक; देऊळघाटहून मोटारसायकलने यायचा आणि रंगमंचाकडे पाठ करून बसायचा. नुसतं ऐकायचा. बघायचं काम माझं. प्रवेश संपला की विचारायचा, "काय दिसलं बे मास्तर?" मी सांगायचो, नट रडतोय, पण त्याचे पाय आरामात उभे आहेत. मग तो तेवढंच दुरुस्त करायचा. सोळा वर्षं असं चाललं. बक्षिसं त्याच्या नावावर मिळायची, पण तेव्हा मला ती आमची वाटायची.

मग त्याला मुंबईहून मालिकेचं बोलावणं आलं. "चाल माह्यासंगं," तो म्हणाला. मी नोकरीचं कारण दिलं. "तू आधी जम बसव, मग बघू." त्याने पुन्हा विचारलं नाही. मी मात्र वाट पाहत राहिलो.

मालिकेच्या पहिल्याच दिवशी तो सवयीने सेटकडे पाठ करून बसला आणि सगळं युनिट हसलं. फोनवर सांगताना तोही हसत होता. "अबे, अथी मॉनिटर असते. त्याच्यातच पाहा लागते." मला हसू आलं नाही. गावात घरोघरी ती मालिका लागायची. मी त्या वेळी पुस्तक घेऊन बसायचो आणि भिंतीपलीकडून येणारे संवाद ऐकत राहायचो.

पहिला सिनेमा करायला तो आपल्याच जिल्ह्यात आला. रोहिणखेडजवळ चित्रीकरण होतं. एका रविवारी मी गेलो. आता कुणी हसण्याइतका तो लहान राहिला नव्हता. छत्रीखाली मॉनिटरकडे पाठ करून बसला होता. मॉनिटरसमोर त्याची सहायक, एक मुंबईची मुलगी. शॉट झाला. "काय दिसलं?" त्याने तिला विचारलं.

"सर, बाईंनी दार उघडलं, पण बाहेर कोण आहे ते त्यांना आधीच माहीत होतं."

मलाही नेमकं तेच दिसलं होतं.

"वा!" तो म्हणाला.

मी निघालो. "जेवून जाय ना बे," तो मागून ओरडला. "तास आहे," मी म्हणालो. रविवारी!

दिवाळीनंतर त्याने सिनेमा पाठवला. मी उघडला नाही. दोन दिवसांनी 'छान झालाय' एवढं लिहून पाठवलं. लगेच फोन आला.

"छान? सोळा वर्षांत तू मले एकदा तरी छान म्हटलं काय बे? आजारी हायेस काय?"

"घाईत आहे जरा."

"मंग सवडीनं सांग. शेवट तसाच ठेवला म्या. तू सांगितल्याबिगर हात लावत नाही."

मी सवड काढली नाही. तीन आठवड्यांनी त्याला हृदयविकाराचा झटका आला.

तेराव्याला ती मुलगी देऊळघाटला आली होती. जेवणं झाल्यावर माझ्याजवळ येऊन म्हणाली, "सर, शेवटाबद्दल तुमचं काय म्हणणं होतं? त्यांनी ते काम थांबवून ठेवलंय."

काहीतरी ठोकून देता आलं असतं. तिने विश्वासही ठेवला असता.

"मी पाहिलाच नाही," मी म्हणालो.

तिने कारण विचारलं नाही. मागच्या खोलीत लॅपटॉप उघडून दिला. दोन तास मी पाहत होतो. सिनेमा चांगला होता. माझ्याशिवाय चांगला होता. शेवटी ती बाई कित्येक वर्षांनी बहिणीच्या दारात येऊन उभी राहते आणि एकच वाक्य बोलते.

"ते वाक्य नको," मी म्हणालो. "ती नुसती उभी आहे, तेवढं पुरे."

"मीही त्यांना हेच सांगितलं होतं," ती म्हणाली. "ते म्हणाले, मास्तरला येऊ दे."

तिचे डोळे भरून आले होते. बाहेर त्याची बायको पाहुण्यांना निरोप देत होती. आणि त्या घरात, त्या दिवशी, मला आनंद झाला.