गरिबी तपासायला आलेल्या बाया

महागावच्या गॅरेजात काम करताना नवऱ्याचा हात मोडला आणि मुलीची कॉन्व्हेंटची फी भरणं अशक्य झालं. ती नववीत होती. चर्चच्या मदतनिधीसाठी अर्ज केला, तर समितीच्या दोन बाया आमची गरिबी तपासायला घरी येणार असं कळलं. अशा भेटीआधी आमच्या गल्लीत लोक चांगलं सामान शेजारी नेऊन लपवतात. शेजारीणही म्हणाली, "ताई, कूलर माह्या घरी ठेवा." मी ठेवला नाही. आमच्याकडच्या मे महिन्यात कूलर लपवायला मी काही वेडी नव्हते.

दोघी बरोबर कूलरसमोर बसल्या, सरबत प्यायल्या आणि मग एक म्हणाली, "कूलर आहे की तुमच्याकडे! मग मदत कशाला हवी?"

"बाई, कूलर इकून पोरीले किती दिवस शिकवू?" असं म्हणत मी उठून बटण बंद केलं. "आता बसा आन् पाहा गरिबी."

थोड्याच वेळात पदरानं वारा घेत त्यांनी शिफारस लिहून टाकली. मदत मिळाली. मात्र चेक घेतानाच्या फोटोसाठी मुलीला जुना गणवेश घाला, असा निरोप आला. मी तिला कडक इस्त्रीचा, धडका गणवेश घालून पाठवलं. तो फोटो समितीनं कुठेच लावला नाही.