कमी बोलणारी हिल्का

हिल्का बोलायला लागली तर गिरणीचा भोंगा आपसूक बंद पडेल, असं गिरणीतल्या बायका म्हणायच्या. बुरोसच्या त्या कापडगिरणीत तिनं उभा जन्म मागापाशी काढला, आणि तोंडातून काय निघालं असेल तर 'हो', 'नाही' आणि 'उद्या बघू'. फिनलंडच्या साव्हो भागातून विशीतच इथं स्वीडनला आलेली पोरगी. तिच्याच बोटीनं आलेल्या फिनिश बायका जेवणाच्या सुट्टीत एका टेबलाशी बसून खिदळायच्या, आणि सुरुवातीला ही त्यांच्यातच असायची. पुढं मागाचा मिस्त्री बेर्तिल याच्याशी लग्न झालं, मुलगी झाली, ती जरा मोठी झाली, आणि एक दिवस ही त्या टेबलावरून जी उठली ती खिडकीपाशी एकटी बसायला लागली. "स्वीडिश नवरा मिळाला ना, आता आम्ही कशाला हव्या," असं त्या म्हणाल्या. लोकांचं काय हो, त्यांना चघळायला काहीतरी लागतंच.

मुलीचं नाव गुनिला. बापाच्या आजीचं नाव, अस्सल स्वीडिश. तिला आईकडून सगळं मिळालं. हातानं विणलेली टोपी मिळाली, शनिवारचा गोड खाऊ मिळाला, शाळेची एकही सहल चुकली नाही. मिळालं नाही ते बोलणं. "जेव." "टोपी घाल." "अंधाराच्या आत ये." संपलं. वर्गातल्या शेश्टिनची आई स्वयंपाकघरात बटाटे सोलता सोलता लेकीशी जगभराच्या गप्पा मारायची, आणि गुनिला तिथं उगाचच रेंगाळायची. आपल्याच आईला काय धाड भरलीय, हे तिला कधी कळलं नाही. रात्री कधी अर्धवट जाग आली तर आई खाटेच्या कडेला बसून काहीतरी पुटपुटत असायची. ही जरा हलली की आई गप्प व्हायची आणि दिवा मालवायची. "प्रार्थना म्हणत असेल," बाबा म्हणाले. देवाशी बोलायला हिच्याकडे शब्द आहेत, माझ्याशी नाहीत, एवढंच त्या पोरीनं मनाशी धरलं.

बेर्तिल गेला त्या दिवशीसुद्धा हिल्कानं लेकीचा हात हातात घेतला आणि विचारलं, "कॉफी घेशील?" पुढं काही नाही. गुनिलाच्या मनाला ते फार लागलं. आता ती स्वतः साठीला टेकली. दातांच्या दवाखान्यात दारापाशीच्या टेबलाशी बसते, दिवसभर अनोळखी माणसांशी गोड बोलते, आणि आईचा विषय निघाला की टेबलावरचे कागद आवरायला लागते. तिला एकच हवं होतं. आई जायच्या आधी एकदा, एकदाच, तिनं आपल्याशी पोटातलं बोलावं.

आणि नेमकं तेव्हाच हिल्काचं डोकं विसरायला लागलं. आधी किटली जळाली, मग घराचा रस्ता हरवला, मग बेर्तिल कुठं गेला म्हणून विचारणं सुरू झालं. मग स्वीडिश गेलं. मागून शिकलेलं आधी जातं, असं डॉक्टरीण म्हणाली. उरलं ते फिनिश, आणि गुनिलाला तर त्यातलं ओ की ठो कळेना.

नगरपालिकेच्या वृद्धाश्रमात नेलं तेव्हा तिथल्या बाईंनी विचारलं होतं, "फिनिश बोलणारं कुणी लागेल का?" गुनिला ठसक्यात म्हणाली होती, "छे. माझी आई जन्मभर इथं राहिलीय. तिला स्वीडिश येतं." आता हिला खोटं बोलायचं नव्हतं. तिला लाज राखायची होती, स्वतःची म्हणा, आईची म्हणा. पण तेवढ्या एका वाक्यानं म्हातारीचे हाल झाले. कुणाशी बोलणार? ती जेवेना. अंघोळीला तर हातच लावू देईना. उभं करून डोक्यावर फवारा सोडला की ओरडायची, मारायची, एका सेविकेला तर चावली. मग तिला झोपेची गोळी सुरू करायची का, असा विचार सुरू झाला. वजन उतरत चाललं. हा हिवाळा निघणं कठीण आहे, असं डॉक्टरणीनं गुनिलाला बाजूला घेऊन सांगितलं.

त्याच आठवड्यात होदान तिथं कामाला लागली. होदान मूळची सोमालियाची. लढाईतून आईबापांनी उचलली ती फिनलंडला, तुर्कू शहरात. तिथं लहानाची मोठी झाली, शाळा शिकली, आणि लग्न करून इकडं आली. पहिल्याच शनिवारी न्हाणीघरातून म्हातारीचा आरडाओरडा ऐकू आला. बाकीच्यांना तो नुसताच आरडाओरडा वाटत होता. होदानला शब्द न् शब्द कळला आणि तिला हसू आवरेना.

"उभ्यानं धुता काय मला? मी काय घोडा आहे?" हिल्का ओरडत होती. "शनिवारची अंघोळ अशी करतात होय? आईनं शिकवलं नाही का तुम्हाला काही?"

होदाननं नळ बंद केला. लाकडी बाक आणला, बादलीत गरम पाणी काढलं, हातात पळी दिली, आणि खोली वाफेनं भरेपर्यंत दार लावून घेतलं. शनिवारी बसून, वाफेत, गप्पा मारत अंगावर पाणी घ्यायचं असतं, हे फिनलंडात शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. हिल्का बाकावर बसली, मोठा श्वास सोडला, आणि डोक्याला रुमाल बांधलेल्या त्या काळ्यासावळ्या पोरीकडं पहिल्यांदा नीट बघितलं.

"कुठली गं तू?"

"तुर्कूची, मुम्मो." मुम्मो म्हणजे तिकडं आजी.

"तरीच. बोलण्यावरून वाटलंच मला. तुम्ही तुर्कूवाले शब्दांच्या शेपट्या गिळता. घरी पोटभर मिळत नाही वाटतं?"

दुसरं काही नाही दिसलं हो तिला. तुर्कू तेवढं दिसलं.

पुढच्या शनिवारी दुपारी गुनिला दालचिनीचे पाव घेऊन आली, तर आईची खोली रिकामी. न्हाणीघरातून हसण्याचा आवाज येत होता, आणि त्या हसण्याच्या वर एका बाईचा अखंड बोलण्याचा आवाज. चढत, उतरत, मध्येच थांबून पुन्हा सुरू होणारा.

"आत कोण आहे?" तिनं समोरून येणाऱ्या सेविकेला विचारलं.

"आपली नवी होदान, तिला फिनिश येतं. आणि बोलतेय ती कोण म्हणजे? तुझी आई."

गुनिला भिंतीजवळच्या खुर्चीवर बसली. आनंद झाला असता तर बरं झालं असतं. तिला राग आला. जन्मभर ज्या बोलण्यासाठी आपण ताटकळलो ते असं बादलीभर उपसलं जातंय, आणि कुणासाठी, तर चार दिवसांपूर्वी आलेल्या एका परक्या पोरीसाठी. मत्सर म्हणतात तो हाच, आणि साठीच्या बाईला तो काही कमी जाळत नाही.

होदान घाम पुसत बाहेर आली.

"काय बोलत होती एवढं?" गुनिलानं विचारलं.

"निम्मं तर सांगण्यासारखं नाही. गावातला पाद्री, त्याची गाय आणि पाद्रीणबाईंचा परकर, असं काहीतरी होतं. आणि वर मलाच म्हणते, साव्होचा माणूस बोलायला लागला की जबाबदारी ऐकणाऱ्याची."

"माझी आई? गमतीजमती सांगते?"

"अगं, पोट दुखलं माझं हसून. घरी नाही सांगायची?"

"घरी ती बोलायचीच नाही." गुनिलाचा आवाज कडू झाला. "तुला तिची भाषा येते, होदान. मी तिच्या पोटची, मला येत नाही. काय म्हणायचं याला?"

"मग शिकवली का नाही तिनं तुला?"

"तिलाच विचार ना. माझ्याशी का बोलली नाहीस, म्हणावं. मला तेवढंच ऐकायचंय."

दोघी खोलीत गेल्या. हिल्का खिडकीपाशी खुर्चीत बसली होती, केस ओले, गाल लाल, मांडीवर शाल. गुनिला तिच्यासमोर उभी राहिली, कामावरचा करडा कोट तसाच अंगात. तो कोट बघितला आणि म्हातारीचं हसू मावळलं. ती सावरून बसली, दोन्ही हात मांडीवर जुळवून ठेवले. शाळेत बोलावून घेतल्यासारखी.

होदान तिच्याजवळ वाकली. "मुम्मो, तू तुझ्या लेकीशी बोलत का नाहीस?"

हिल्का हलक्या आवाजात बोलू लागली. सांगत होती होदानला, पण नजर गुनिलावर. होदानचा चेहरा बदलत गेला.

"गुनिला, या कोटात ती तुला बालवाडीतल्या बाई समजतेय."

"कोणत्या बाई? काय म्हणतेय?"

"म्हणतेय, बाईंना सांग, मी कबूल केलं ते पाळतेय. पोरगी तीन वर्षांची झाली तरी बोलत नाही, दोन भाषांनी तिचा गोंधळ होतो, घरात फिनिश काढू नका, असं तुम्ही सांगितलंत. मी नाही काढत. गिरणीतसुद्धा आमच्या बायकांत बसत नाही, तोंडाला सवय राहील म्हणून. तुमच्या स्वीडिशचे मला चारच शब्द नीट येतात, तेवढे मी पोरीला देते. वेडंवाकडं बोलून तिचं बिघडवत नाही."

त्या बालवाडीतल्या बाई काही वाईट नव्हत्या. त्या काळी सगळे तसंच सांगायचे, आणि पुढं त्याच तोंडानं उलटही सांगायला लागले. सांगणारी सांगून मोकळी झाली, घरी गेली, विसरली. पण साव्होच्या खेड्यातून आलेल्या पोरीनं मान डोलावली होती, आणि तिकडं मान डोलावली म्हणजे मरेपर्यंत. आता हे बदललं बरं का, असं तिला कळवायला कोण येणार होतं? पोरीला जपते आहे असं समजून ती पोरीपासूनच दूर राहिली. माझा तर जीव तळमळतो हे सांगताना.

गुनिला उभीच होती. हिल्कानं इकडं तिकडं बघितलं, पुढं झुकली, आणि चोरी कबूल करावी तशी आणखी काहीतरी बोलली. या वेळी होदानला सांगायला वेळ लागला.

"म्हणतेय, पण बाई, एक चुकतं माझं. रात्री ती झोपली की मी तिच्याशी बोलते. दिवसभराचं सगळं सांगते. झोपेतलं धरत नाहीत ना? त्यानं पोरीला काही होणार नाही ना?"

गुनिलानं तोंडावर हात दाबून धरला. मग कसंबसं म्हणाली, "सांग तिला. काही होत नाही म्हणावं. खुशाल बोल."

होदाननं सांगितलं. हिल्कानं मान हलवली, चेहऱ्यावरचा ताण उतरला, पण तोंड मिटलेलंच. समोर बाई उभ्या असताना ती कशी बोलणार?

गुनिला बाहेर गेली. कोट काढून खुंटीला अडकवला, आणि नुसत्या लोकरी अंगरख्यात परत आली. खुर्चीशेजारी जमिनीवर बसली, आईच्या मांडीवरच्या शालीवर डोकं टेकलं आणि डोळे मिटून घेतले. मग केसांवर हात आला. ओला, गरम, मागाच्या दोऱ्यांनी खरखरीत झालेला हात. आणि वरून आवाज सुरू झाला, हळू, तिच्या लहानपणीचा तोच. प्रार्थना नव्हती ती.

"सांगू काय म्हणतेय?" होदान कुजबुजली.

गुनिलानं मानसुद्धा हलवली नाही. डोळ्यांतून पाणी शालीत उतरत होतं, तेही तिनं पुसलं नाही. हलली असती तर आई गप्प झाली असती.