टाळ्यांनंतरचं सभागृह

अर्धे कपडे दोरीवर, अर्धे बादलीत, आणि ती चिमटे मुठीत धरून पुन्हा कॉम्प्युटरसमोर जाऊन बसली.

"आता बादलीतच वाळवायचे का?" सासूबाईंनी विचारलं.

"आलेच, आई."

लग्न असो, वाढदिवस असो, सत्कार असो, गावात शूटिंगला तिलाच बोलावणं. या कामाचं वळण तिच्या हाताला लावलं शाळेतल्या सरांनी. शाळा सुटल्यावर ते मुलांना सिनेमा करायला शिकवायचे. कॅमेरा एकच, आणि सरांचा हट्टही एकच. माणसं निघून गेली तरी कॅमेरा बंद करायचा नाही. "माणसं गेली की जागा बोलायला लागते. जरा दम धरा, ऐका तिचं." पोरं कंटाळायची. ही मात्र कॅमेऱ्यामागे अशी उभी राहायची की तिचं नावच पडलं 'खांब'. एकजण कायम आधीच बटण दाबून मोकळा व्हायचा. त्याचं नाव 'कट'.

तोच कट आता त्याच शाळेचा मुख्याध्यापक होता. काल शाळेच्या सभागृहातल्या समारंभाच्या शूटिंगचं काम त्यानेच तिला दिलं होतं.

पडद्यावर कालच्या टाळ्या संपल्या. खुर्च्या सरकल्या, पंखे थांबले, लोक पांगले. सवयीप्रमाणे कॅमेरा चालू ठेवून ती बाहेर वायरी गुंडाळायला गेली होती. म्हणून हे तिला आज दिसत होतं. मागच्या सज्जाखालून धुळीची बारीक धार सुटली. थांबली. पुन्हा सुटली. सज्जावर चिटपाखरू नव्हतं.

तिने आवाज वाढवला. झोपेत कुणी दात खावेत तसा आवाज आला. उद्या त्याच सज्जाखाली परीक्षेची बाकं लागणार होती, आणि तिची लेक परीक्षेला बसणार होती.

फोन वाजला.

"खांबा, टाळ्यांपर्यंतचंच दे हं. पुढचं पुसून टाक."

"पुढचं आहे हे तुला कुणी सांगितलं?"

कट हसला. "तू आणि वेळेवर बंद करशील? एकाच सरांकडे शिकलोय आपण."

"सज्जा करकरतोय रे."

त्याचं हसू थांबलं. म्हणजे त्याला ठाऊक होतं.

"परीक्षा होऊन जाऊ दे. सुट्टीत दुरुस्ती करतो. आत्ता बोभाटा झाला तर शाळेला कुलूप लागेल." मग आवाज हळू करून म्हणाला, "तुझ्या मुलीला पुढे बसवतो. सज्जाच्या बाहेर."

"आणि मागे कुणाची बसवणार?"

"संध्याकाळी माणूस येईल. कॅमेऱ्यातलं कार्ड त्याच्याकडे दे." फोन ठेवला गेला.

तिने सरांना फोन लावला. त्यांना आता दिसत नव्हतं. तिने नुसता आवाज ऐकवला.

"हे आपलं सभागृह," सर म्हणाले. कटचं बोलणं तिने सांगितलं, तसे ते म्हणाले, "कापू नकोस. कुणाच्या हातातही देऊ नकोस." मग थांबून, "त्यालाही मी हेच शिकवलं होतं गं."

तिने देवापुढे हात जोडले. वाटेत पाय मागे फिरू नयेत, एवढंच मागितलं. कार्ड काढून पर्सच्या आतल्या कप्प्यात ठेवलं आणि चपला घातल्या.

सासूबाई बादलीपाशी उभ्या होत्या. "अगं, कपडे टाकून कुठे निघालीस?"

"अग्निशमन केंद्रात. तिथल्या साहेबांना हे शूटिंग दाखवून उद्याच्या आत सभागृह बंद करायला लावायचंय."