तिला डोंगर, मला शेत

लंडनमधल्या हॅरोच्या दुकानात आज मोगऱ्याचा वास आला आणि मी मनानं थेट युनिव्हर्सिटीच्या दिवसांतल्या किचनमध्ये पोचले! कदिर, आमचा तमिळ फ्लॅटमेट आणि माझा सीक्रेट क्रश, माझ्या मैत्रिणीच्या, सायलीच्या केसांत गजरा माळत सांगत होता, "आमच्या जुन्या प्रेमकवितांत प्रत्येक भावनेची एक जागा असते. डोंगर म्हणजे प्रेमिकांची भेट. सायली, तू डोंगर."

"आणि मी?" मी भांडी घासता घासता विचारलं.

"तू भाताचं शेत."

सायली खिदळली, "म्हणजे चिखल गं!"

कसली जळले होते मी! तिला डोंगर, मला चिखल?

आज ट्रेनमध्ये शोधलं, तर त्या कवितांत भाताचं शेत म्हणजे दुसरीवर जळणाऱ्या बाईचा रुसवा. म्हणजे त्याला सगळं माहीत होतं! आणि तरी गजरा तिलाच.